चमचाभर म्हणजे किती?

"एक चमचा सकाळी, एक चमचा रात्री" हे शब्द आपल्या घरांत इतके मुरले आहेत की, त्यांतील 'चमचा' म्हणजे नेमके किती, हा प्रश्न सहसा कोणाच्या मनात उद्भवत नाही. भाताला पाणी किती घालावे ह्याविषयी दोन गृहिणींचे एकमत होणार नाही. परंतु औषधाचा चमचा मात्र साऱ्या जगात एकाच मापाचा असतो, अशी आपली भाबडी समजूत असते. ग्रीसमधील संशोधकांनी घरोघरचे चहाचे चमचे गोळा करून मोजले आणि आपले निष्कर्ष २०१० साली प्रसिद्ध केले. सर्वांत लहान चमच्यात अडीच मिलीलिटर पाणी मावले, तर सर्वांत मोठ्यात ७.३ मिलीलिटर. म्हणजे एकाच चिठ्ठीवरील एकच 'चमचा' एका घरात दुसऱ्या घराच्या जवळजवळ तिप्पट झाला! आपल्याकडे तर चहाचा चमचा निराळा, लोणच्याचा निराळा, तुपाचा निराळा. आणि औषध देण्याच्या वेळी हाताशी येईल तो खरा. वैद्यकात चहाचा चमचा म्हणजे ५ मिलीलिटर असे ठरलेले आहे, पण ही गोष्ट चमचे करणाऱ्यांना कोणी सांगितलेली नाही.

चमच्याचा हा घोळ त्यातल्या त्यात सोपा आहे. बाटलीबरोबर येणारे खुणा केलेले झाकण, कुपी किंवा सुईविरहित पिचकारी वापरली की तो मिटतो. त्याहून अवघड गोष्ट अशी की, माप कितीही अचूक असले तरी त्यात मावलेल्या द्रवामध्ये औषध किती आहे, हे त्या मापाला ठाऊक नसते. ते बाटलीच्या वेष्टनावर लिहिलेले असते, आणि तेथूनच खऱ्या हिशेबाला आरंभ होतो.

रायपूरच्या समता कॉलनीतील एखादे मराठी घर वाचकांनी डोळ्यांसमोर आणावे. छत्तीसगडात मराठी माणूस काही नवा नव्हे. नागपूरकर भोसल्यांचा अंमल ह्या मुलखावर १८५४ पर्यंत होता. पुढेही १९५६ पर्यंत रायपूर आणि नागपूर ही एकाच प्रशासनाखालची गावे होती, आणि त्या प्रशासनाची राजधानी नागपूरच होती. आज रायपूर ही एका निराळ्या राज्याची राजधानी आहे. तरी शेजारच्या चौबे कॉलनीत महाराष्ट्र मंडळ आहे, आणि कित्येक घरांची माहेरे, आजोळे अद्याप विदर्भात आहेत. सुटी लागली की डोंगरगड, गोंदिया मागे टाकीत आगगाडी नागपूरला जाते, आणि परततांना लोणच्याच्या बरण्यांबरोबर नागपूरच्या डॉक्टरांनी लिहून दिलेल्या औषधाच्या बाटल्याही येतात. दोन गावांत पाय असलेल्या अशा कुटुंबांत चिठ्ठी एका गावची आणि बाटली दुसऱ्या गावची, असा प्रसंग हमखास घडतो.

समजा, अशा घरी रात्री दहाच्या सुमारास बारा किलो वजनाच्या नातवाला ताप भरला आहे. मागल्या खेपेस नागपूरच्या डॉक्टरांनी पॅरासिटामॉलचे पातळ औषध 'दर वेळी ६ मि.लि.' असे लिहून दिले होते. ती बाटली संपली. सायंकाळी कोपऱ्यावरच्या दुकानातून दुसरी आणली. शिवाय मूल तान्हे असतानाची, थेंबांनी द्यावयाच्या औषधाची एक लहान कुपीही कपाटात आहे.

"सूनबाई, सहा मिलीच द्यायचे ना? ओतू का मापात?" आजी विचारतात.

"थांबा, आई. ही बाटली नागपूरची नव्हे. तिच्यावर काय लिहिलंय ते आधी बघते."

सून जे वाचणार आहे ते बारीक इंग्रजी अक्षरांत असते. संपलेल्या बाटलीवर लिहिले होते, 'ईच फाइव्ह एमएल कंटेन्स पॅरासिटामॉल १२५ एमजी', म्हणजे प्रत्येक ५ मिलीलिटर द्रवात पॅरासिटामॉल १२५ मिलीग्रॅम. नव्या बाटलीवर तेच वाक्य आहे, पण आकडा २५० आहे. थेंबांच्या कुपीवर वाक्यच निराळे आहे: प्रत्येक १ मिलीलिटरमध्ये १०० मिलीग्रॅम. औषध तिन्हींत एकच. रंग आणि वासही पुष्कळदा मिळताजुळता. परंतु ही तिन्ही पातळ औषधे परस्परांची जागा घेऊ शकत नाहीत.

येथे आपल्या प्राथमिक शाळेतील एकमान पद्धत कामी येते. सात आंब्यांची किंमत दिली असता बारा आंब्यांची काढावयाची, तर आधी एका आंब्याची काढावी, हीच ती पद्धत. बाटलीवर आकडे कसेही छापलेले असोत, पहिला प्रश्न एकच: एका मिलीलिटरमध्ये किती मिलीग्रॅम? पहिल्या बाटलीत १२५ भागिले ५, म्हणजे २५. दुसरीत २५० भागिले ५, म्हणजे ५०. तिसरीत १००, तेथे भागण्याचीही आवश्यकता नाही. आता तिन्ही बाटल्या एकाच भाषेत बोलू लागल्या. त्यांचे बळ २५, ५० आणि १०० आहे. दर पुढची मागचीच्या दुप्पट.

दुसरा प्रश्न, मुलाला औषध किती मिलीग्रॅम पाहिजे? डॉक्टरांनी १२५ च्या बाटलीतून ६ मिलीलिटर सांगितले होते. म्हणजे त्यांच्या मनातील मात्रा २५ गुणिले ६, अर्थात १५० मिलीग्रॅम होती. मिलीलिटरचा आकडा बाटलीगणिक बदलेल, पण १५० मिलीग्रॅम बदलणार नाही. ते एकमानाने भागले की झाले. नव्या बाटलीतून १५० भागिले ५०, म्हणजे ३ मिलीलिटर. थेंबांच्या कुपीतून १५० भागिले १००, म्हणजे दीड मिलीलिटर. (ती कुपी उघडून फार दिवस लोटले असतील तर मात्र भागाकाराच्या भानगडीत न पडता ती टाकूनच द्यावी.)

सुनेने 'थांबा' म्हटले नसते तर काय घडले असते? नव्या बाटलीतून ६ मिलीलिटर गेले असते, म्हणजे ३०० मिलीग्रॅम, दुप्पट. थेंबांच्या कुपीतून ६ मिलीलिटर म्हणजे ६०० मिलीग्रॅम, चौपट. दिवसातून चार वेळा हेच घडले तर २,४०० मिलीग्रॅम. बारा किलोच्या देहाला दर किलोमागे २००! पॅरासिटामॉल हे योग्य मात्रेत अतिशय सौम्य आणि गुणकारी औषध आहे, परंतु मात्रा ओलांडली की त्याचा घाव यकृतावर बसतो, आणि पहिल्या दिवशी तो बहुधा दिसतही नाही. उलट प्रकारची चूकही घडते. दीड मिलीलिटरची सवय असलेल्या हाताने १२५ च्या बाटलीतूनही दीडच मिलीलिटर दिले, तर मुलाच्या पोटात साडेसदतीस मिलीग्रॅम जातात. ताप उतरत नाही, आणि घरातील मंडळी 'औषध लागू पडत नाही' म्हणून दुसऱ्या औषधाच्या शोधात निघतात.

एकमान पद्धत ज्यांना शाळकरी वाटेल त्यांनी तिची वंशावळ पाहावी. आर्यभटाने ४९९ साली सांगितलेले आणि भास्कराचार्यांनी ११५० च्या 'लीलावती'त विस्ताराने उदाहरणांसह मांडलेले त्रैराशिक ते हेच. त्यात तीन राशी असतात, प्रमाण, फल आणि इच्छा. प्रमाण आणि इच्छा एका जातीची, फल निराळ्या जातीचे. इच्छेला फलाने गुणावे, प्रमाणाने भागावे, की हवे ते उत्तर मिळते. आपल्या बाटलीत १२५ मिलीग्रॅम हे प्रमाण, ५ मिलीलिटर हे फल आणि १५० मिलीग्रॅम ही इच्छा. १५० गुणिले ५ भागिले १२५, उत्तर ६. 'लीलावती'तील उदाहरणे केशराची आणि कापराची आहेत. पॅरासिटामॉल यायला अजून काही शतके होती, एवढाच काय तो फरक. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव ह्याने स्थापन केलेल्या मठाचा १२०७ सालचा शिलालेख चाळीसगावजवळील पाटण येथे आहे. गणितासाठी मठ असावा ही कल्पनाच किती मनोहर आहे!

जुन्या पिढीने पाठ केलेली पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी आणि दिडकी हीसुद्धा येथे उपयोगी पडते. सव्वाशे मिलीग्रॅमचे निम्मे साडेबासष्ट, दीडपट साडेसत्याऐंशी अधिक शंभर, हे पाठांतर असलेल्या आजोबांना कागद लागत नाही. काही बाटल्यांत ५ मिलीलिटरमागे १२० मिलीग्रॅम असतात. तेव्हा एकमान २४ येते आणि १५० मिलीग्रॅमसाठी सव्वासहा मिलीलिटर लागतात. 'सव्वा', 'दीड', 'अडीच' असे सुटसुटीत शब्द ज्या भाषेत आहेत, त्या भाषेतील लोकांनी अपूर्णांकांना भ्यावे, हे मला तरी नवलाचे वाटते.

परंतु १५० हा आकडा डॉक्टरांनी काढला कोठून? तेथेही एकमानच आहे, ते शरीराच्या वजनाचे. पॅरासिटामॉलची मात्रा दर किलोमागे दर वेळी १० ते १५ मिलीग्रॅम धरतात. बारा किलोच्या मुलाला १२० पासून १८० पर्यंत. १५० हे त्यांच्या मधोमध. दोन मात्रांमध्ये किमान चार ते सहा तासांचे अंतर हवे आणि चोवीस तासांत चारांहून अधिक मात्रा होऊ नयेत. म्हणूनच 'तीन वर्षांच्या मुलाला इतके' असे वयावरून केलेले अंदाज फसवे ठरतात. तीन वर्षांची दोन मुले एक अकरा किलोचे आणि दुसरे सोळा किलोचे असू शकते. मूल वजनकाट्यावर स्थिर राहत नसेल तर आईने त्याला कडेवर घेऊन उभे राहावे, मग एकटीने उभे राहावे, आणि वजाबाकी करावी. दर किलोमागे मात्रा किती, हे ठरविणे मात्र डॉक्टरांचेच काम. प्रत्येक औषधाचे एकमान निराळे असते, आणि यकृताचा वा मूत्रपिंडाचा आजार असेल तर तेही बदलते. तीन महिन्यांच्या आतील बाळाला ताप आला तर घरी कोणताही हिशेब मांडू नये. त्याला तडक दवाखान्यात न्यावे. आणखी एक गोष्ट: सर्दीच्या पुष्कळशा मिश्र औषधांतही पॅरासिटामॉल असते. तापाचे एक आणि सर्दीचे एक अशी दोन औषधे चालू असतील तर दोहोंतील मिलीग्रॅमची बेरीज करावी लागते.

आपल्या आजोबा-पणजोबांच्या काळी हा हिशेब दवाखान्यातच उरकला जाई. कंपाउंडर मिश्रण तयार करून बाटलीत भरी, आणि बाटलीच्या पाठीवर कातरीने खाचा पाडलेली कागदाची पट्टी डकवी. एक खाच म्हणजे एक वेळचे औषध. घरच्या माणसाने बाटली डोळ्यांसमोर धरावयाची आणि द्रव एका खाचेपासून दुसऱ्या खाचेपर्यंत उतरला की थांबावयाचे. औंस, ड्रॅम आणि मिनिम ह्यांची ती कोष्टके रोग्याला ठाऊक असण्याचे कारणच नव्हते. १९५६ साली वजनामापांचा कायदा झाला, १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी आली, आणि पाठोपाठ किलो व लिटर आले. दशमानामुळे हिशेब सोपा झाला, ह्यात संशय नाही. पण त्याच सुमारास कारखान्यांतील तयार बाटल्यांचे युग वाढत गेले आणि ती खाचांची पट्टी अंतर्धान पावली. हिशेब सोपा झाला, आणि तो करण्याची जबाबदारी कंपाउंडरकडून आईकडे आली. हा दुसरा बदल मात्र कोणी फारसा बोलून दाखविला नाही.

दशमानाचाही स्वतःचा एक धोका आहे, तो म्हणजे टिंबाचा. '१.५' मधील टिंब पुसट उमटले की ते पंधरा होतात, दहापट. त्यासाठी अर्ध्या मिलीलिटरच्या आधी शून्य लिहावे, म्हणजे '०.५', आणि पूर्णांकानंतर मात्र टिंब-शून्य लिहू नये. त्याहून उत्तम म्हणजे आकड्याशेजारी 'दीड' वा 'अर्धा' असे अक्षरांतही लिहावे. मराठी घरांत आणखी एक सापळा दडलेला असतो. इंग्रजी नऊ आणि देवनागरी एक ह्यांची आकृती जवळजवळ एकच आहे. देवनागरी चार हा इंग्रजी आठासारखा दिसतो, आणि घाईने लिहिलेला देवनागरी पाच इंग्रजी चारासारखा. डॉक्टर इंग्रजी आकडे लिहितात, आजी देवनागरी वाचतात, आणि नऊच्या जागी एक मिलीलिटर पोटात जाते. ह्यावरही उपाय तोच, अक्षरांत लिहिण्याचा.

आता एक सूक्ष्म मुद्दा. एका मिलीलिटरमध्ये २५ मिलीग्रॅम, हे विधान बाटलीतील प्रत्येक मिलीलिटरला लागू असेल तरच एकमानाला अर्थ आहे. कित्येक पातळ औषधांत मूळ द्रव्य पाण्यात विरघळलेले नसते, नुसते तरंगत असते. बाटली उभी राहिली की ते तळाशी बसते. न हलविता वरचा द्रव ओतला तर पहिल्या दिवशी औषध पातळ मिळते आणि शेवटच्या दिवशी दाट. 'वापरण्यापूर्वी हलवा' ही सूचना त्यासाठी असते. कोरड्या भुकटीच्या रूपात मिळणाऱ्या प्रतिजैविकांचे तर एकमान आपणच घडवितो. समजा, ॲमॉक्सिसिलिनची ३० मिलीलिटरची बाटली आहे आणि तयार झाल्यावर प्रत्येक ५ मिलीलिटरमध्ये १२५ मिलीग्रॅम व्हावयाचे आहेत. म्हणजे भुकटीत एकूण ७५० मिलीग्रॅम औषध आहे. उकळून थंड केलेले पाणी खुणेपर्यंत घालावयाचे असते. ते खुणेवर जाऊन द्रव ४० मिलीलिटर झाला, तर तेवढ्याच चमच्यात सव्वाशेऐवजी पावणेचौऱ्याण्णव मिलीग्रॅम येतील, म्हणजे पाऊणपट. रोगजंतूंना ही सवलत फार मानवते. त्याच पद्धतीने किती बाटल्या लागतील तेही आधी काढावे. दर वेळी ५ मिलीलिटर, दिवसातून तीन वेळा, पाच दिवस, म्हणजे ७५ मिलीलिटर. ३० च्या दोन बाटल्या पुरणार नाहीत, तिसरी लागेल. दोन बाटल्या संपल्या म्हणून चौथ्या दिवशी औषध बंद करणारी घरे काही थोडी नाहीत.

उन्हाळ्यात रायपूरचा पारा चढला आणि घरात जुलाब-वांतीचा उपद्रव सुरू झाला की जे पाकीट आणले जाते, त्याचीही गोष्ट हीच. क्षारसंजीवनीच्या मोठ्या पाकिटात साडेवीस ग्रॅम मिश्रण असते आणि ते पूर्ण एक लिटर पाण्यासाठी असते. लहान पाकीट २०० मिलीलिटरसाठी, म्हणजे एका मध्यम पेल्यासाठी. जागतिक आरोग्य संघटनेच्या सध्याच्या सूत्राप्रमाणे त्या एका लिटरमध्ये सोडियमचे प्रमाण ७५ एकक असते. मूल एवढे पाणी पिणार नाही म्हणून मोठे पाकीट अर्ध्या लिटरमध्ये कालविले तर ते १५० होते, आणि आपल्या रक्तातील प्रमाणच मुळी १४० च्या आसपास असते. अशा द्रवाने तहानलेल्या देहाला पाणी मिळण्याऐवजी उलट ताण पडतो. पाकीट अर्धे करून अर्ध्या लिटरमध्ये घालणेही बरे नव्हे. भुकटीची नीट अर्धी वाटणी डोळ्यांनी होत नाही. १९७१ साली बनगावच्या निर्वासित छावणीत कॉलऱ्याची साथ उसळली, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस ह्यांनी शिरेतून द्यावयाचे सलाईन संपत आल्यावर मीठ, खाण्याचा सोडा आणि ग्लुकोज ह्यांच्या मोजून बांधलेल्या पिशव्यांवर हजारो जीव वाचविले. त्या पिशव्यांचे यश मिश्रणात जेवढे होते, तेवढेच 'एका पिशवीला इतके लिटर पाणी' ह्या साध्या मोजणीत होते.

सरकारी आरोग्य योजनांनी हे तत्त्व चांगले ओळखले आहे. बालकांना देण्यात येणाऱ्या 'अ' जीवनसत्त्वाच्या द्रावणात दर मिलीलिटरमागे एक लाख एकके असतात. नवव्या महिन्यात १ मिलीलिटर, पुढे पाच वर्षांपर्यंत दर सहा महिन्यांनी २ मिलीलिटर. त्यासाठी बाटलीबरोबर २ मिलीलिटरचाच चमचा येतो, आणि त्यावर अर्ध्याची खूण असते. २०१८ पासूनच्या 'ॲनिमियामुक्त भारत' कार्यक्रमात सहा महिन्यांपासून पाच वर्षांपर्यंतच्या बालकांना आठवड्यातून दोनदा लोहाचे पातळ औषध १ मिलीलिटर द्यावयाचे असते. त्या एका मिलीलिटरमध्ये २० मिलीग्रॅम लोह असते, आणि बाटलीला एका वेळी तेवढेच सोडणारे मापक बसविलेले असते. औषध देणाऱ्या हाताला भागाकार करावा लागू नये, अशी ही योजना आहे.

माप बदलले म्हणजे काय होऊ शकते, ह्याचे एक दुःखद उदाहरण आपल्याच देशात आहे. नोव्हेंबर २००१ मध्ये आसामात 'अ' जीवनसत्त्वाची मोठी मोहीम निघाली. तीत नेहमीच्या २ मिलीलिटरच्या चमच्याऐवजी ५ मिलीलिटरपर्यंत द्रव मावेल अशा कुप्या वाटण्यात आल्या. मोहिमेनंतर पुष्कळ मुले आजारी पडली, काही दगावली. मृत्यूंचे खरे कारण काय, ह्यावर तज्ज्ञांत वाद झाला, आणि बालमृत्यू तर त्या भागात एरवीही होत होते, असेही सांगण्यात आले. परंतु संशयाची सुई त्या नव्या कुपीकडे वळली. कुपी काठोकाठ भरली तर मुलाला दोन लाखांऐवजी पाच लाख एकके मिळतात, हे त्रैराशिक कोणालाही मांडता येण्यासारखे होते. ते आधी मांडले गेले असते तर बरे झाले असते, असे म्हणावेसे वाटते.

ह्याच्या उलट, छत्तीसगडाला लागूनच असलेल्या गडचिरोली जिल्ह्यात डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग ह्यांच्या 'सर्च' ह्या संस्थेने दाखविलेली वाट आशादायक आहे. बालकांचा न्यूमोनिया ओळखण्याची एक खूण म्हणजे दर मिनिटाला होणारे श्वास. दोन महिन्यांच्या आत साठ वा अधिक, त्यापुढे वर्षाच्या आत पन्नास वा अधिक. हेही एकमानच. परंतु गावातील दाया बारापलीकडे मोजू शकत नसत. तेव्हा त्यांच्यासाठी मण्यांचा श्वासमापक तयार करण्यात आला. एका मिनिटाचे वाळूचे घड्याळ, आणि मण्यांच्या दोन ओळी. दहा श्वास झाले की एक मणी सरकवावयाचा. वाळू संपण्याआधी तांबडा मणी आला की न्यूमोनिया. अशाच शिक्षणातून तयार झालेल्या गावच्या स्त्रियांनी पुढे नवजात अर्भकांना जंतुसंसर्गावरील पातळ औषध आणि इंजेक्शनेही मोजून दिली. एकोणचाळीस गावांतील तो प्रयोग १९९९ साली 'लॅन्सेट' ह्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला, आणि तेथील नवजात बालकांचे मृत्यू ६२ टक्क्यांनी घटल्याचे दिसून आले. छत्तीसगडातही २००२ पासून पाड्यापाड्यावर 'मितानिन' आहे. मितानिन म्हणजे मैत्रीण. तिच्याजवळही औषधांची पेटी असते. शाळेची फारशी पायरी न चढलेल्या स्त्रिया हे करू शकतात, तर समता कॉलनीतील पदवीधर घरात ते अवघड का वाटावे?

हिशेब अचूक असला तरी त्याच्या आवाक्याबाहेरच्या गोष्टी आहेत, हेही सांगितले पाहिजे. २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबर महिन्यांत छिंदवाडा जिल्ह्यातील परासिया भागात खोकल्याचे एक पातळ औषध घेतलेली वीसहून अधिक बालके दगावली; त्यांतील अनेकांवर नागपूरच्या रुग्णालयांत उपचार चालले होते. त्या औषधात डायएथिलीन ग्लायकॉल हे विष ४८.६ टक्के निघाले. मान्य मर्यादा ०.१ टक्का आहे. तेथे मिलीलिटरचा कोणताही हिशेब उपयोगी पडला नसता. मुंबईत १९८६ साली जे. जे. रुग्णालयात ह्याच विषाने दूषित ग्लिसरीनमुळे चौदा रोगी दगावले होते आणि न्यायमूर्ती लेंटिन ह्यांच्या आयोगाने त्याची चौकशी केली होती. तरी ते घडले. पालकांच्या हाती आहे ते एवढे की, साध्या सर्दी-खोकल्याला दोन वर्षांच्या आतील मुलास अशी औषधे देऊच नयेत, आणि पाच वर्षांच्या आतील मुलांसही सामान्यतः देऊ नयेत. केंद्रीय आरोग्य सेवा महासंचालनालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये हेच कळविले आहे.

राहता राहिला घरच्या कपाटाचा प्रश्न. डॉक्टर चिठ्ठी लिहीत असतांना 'हे किती मिलीग्रॅम होतात?' असे विचारण्यात संकोच बाळगू नये, आणि तो आकडा त्यांच्याच हातून चिठ्ठीवर लिहून घ्यावा. दुकानदार 'तेच आहे, फक्त कंपनी निराळी' असे म्हणाला तर बाटली घेण्यापूर्वी पाच मिलीलिटरचे ते वाक्य वाचावे. दुकानातील औषधतज्ज्ञाकडून भागाकार तपासून घ्यावा. एका औषधाचा ड्रॉपर दुसऱ्याला वापरू नये, कारण ड्रॉपरवरील खुणा त्या त्या औषधापुरत्याच असतात. मग घरी आल्यावर पांढऱ्या कागदाची एक पट्टी कापून बाटलीच्या पाठीवर डकवावी. जुन्या कंपाउंडरप्रमाणे खाचा पाडण्याचे कारण नाही. तीवर दोन ओळी पुरेत: '१ मि.लि. = ५० मि.ग्रॅ.' आणि तिच्याखाली, 'बाळाला १५० मि.ग्रॅ., म्हणजे तीन मि.लि., वजन बारा किलो', आणि त्या दिवसाची तारीख. तारीख अशासाठी की, मूल पाहता पाहता बारा किलोंचे साडेतेरा किलो होते, आणि पट्टी बदलावी लागते.